जुना कार्बन, नवा कार्बन आणि इंदूरच्या टंकीतलं पाणी

गणेशोत्सवातल्या व्याख्यानांत हवामानबदल हा विषय आता इंदूरच्या मराठी मंडळांतही येऊ लागला आहे. व्याख्यान संपलं की मागच्या रांगेतून एक प्रश्न हमखास येतो. विचारणारे काका बहुतेक वेळा निवृत्त असतात आणि आवाजात थोडं आव्हान असतं: "अहो, हवा तापवणारा हा कार्बन डायऑक्साइड श्वासातून आपण सगळेच सोडतो ना? मग आठशे कोटी माणसांनी आता श्वास घेणं बंद करायचं का?" सभागृह हसतं, वक्त्यांना पुढच्या कार्यक्रमाची घाई असते आणि प्रश्न तसाच राहून जातो. मला हा प्रश्न फार मोलाचा वाटतो. त्याचं नीट उत्तर मिळालं की या विषयातला अर्धा गोंधळ तिथेच मिटतो, म्हणून तिथूनच सुरुवात करते.

माणूस दिवसाला साधारण एक किलो कार्बन डायऑक्साइड श्वासावाटे सोडतो, हे खरं आहे. पण त्यातला कार्बन शरीरात आला कुठून? सकाळच्या पोह्यांतून, दुपारच्या पोळीतून, वरणभातातून. पोह्यांत तो आला भाताच्या रोपातून. आणि रोपाने तो घेतला थेट हवेतून. गेल्या खरिपात त्या रोपाच्या पानांनी हवेतला कार्बन डायऑक्साइड आत ओढला, उन्हाच्या जोरावर त्याचं पिष्ट केलं आणि ते दाण्यात भरून ठेवलं. आपण तो दाणा खाल्ला, शरीराने त्यातली ऊर्जा काढून घेतली आणि कार्बन पुन्हा हवेत सोडून दिला. म्हणजे श्वासातून जो कार्बन बाहेर पडतो तो फार तर वर्ष-दोन वर्षांपूर्वी हवेतच होता. पुढच्या खरिपात कुठलं तरी रोप तो परत घेईल. या फेऱ्यात हवेतला एकूण साठा वाढत नाही. शेणाचं, पालापाचोळ्याचं, मुंगीपासून हत्तीपर्यंत प्रत्येक जिवाच्या श्वासाचं असंच आहे. या कार्बनला आपण सोयीसाठी नवा कार्बन म्हणू.

जुना कार्बन जमिनीखाली आहे. मध्य भारतातल्या कोळशाचे थर पंचवीस ते तीस कोटी वर्षांपूर्वीच्या दलदलीतल्या वनस्पतींचे आहेत. त्या वनस्पतींनीही हवेतूनच कार्बन घेतला होता. पण मेल्यावर त्या पूर्ण कुजल्या नाहीत, गाळाखाली दबल्या, आणि त्यांनी घेतलेला कार्बन हवेत परत आलाच नाही. खनिज तेल आणि नैसर्गिक वायू समुद्रातल्या सूक्ष्म जिवांच्या अवशेषांतून असेच साठत गेले. गावातला रोजचा पैसा या हातातून त्या हातात फिरतो, गावाची एकूण रक्कम तेवढीच राहते. पण कुणी वाड्याच्या पायात पुरलेला हंडा उकरून ती नाणी बाजारात ओतली, तर गावातला पैसाच वाढतो. कोळसा, पेट्रोल आणि गॅस हा असा हंडा आहे. कोट्यवधी वर्षं व्यवहाराबाहेर पडून असलेला कार्बन आपण दोन-अडीचशे वर्षांत उकरून हवेत ओतला.

काही जण यावर म्हणतात की झाडं, माती आणि समुद्र मिळून माणसाच्या कित्येक पट कार्बन दरवर्षी हवेत सोडतात, मग माणसाच्या एवढ्याशा भराला कोण विचारतो? पहिला भाग बरोबर आहे. पण झाडं, माती आणि समुद्र जेवढा सोडतात तेवढा, किंबहुना त्याहून थोडा जास्तच, परत घेतात. माणूस जमिनीखालून काढलेलं परत घेत नाही. उरतं ते हेच एकतर्फी ओतणं.

आता ओतणं म्हणजे नेमकं काय होतं ते बघू. स्वयंपाकघरात एक साधी गोष्ट करून पाहा. पातेल्यात माठातलं थंडगार पाणी भरा, बाहेरून कोरडं पुसून घ्या आणि गॅसवर ठेवा. पहिल्या काही क्षणांत पातेल्याच्या बुडाला आणि कडेला बाहेरून दव धरतं. पातेलं गळतंय की काय असं वाटतं. ते पाणी पातेल्यातलं नसतं, ज्योतीतलं असतं. सिलिंडरमधला वायू म्हणजे मुख्यतः प्रोपेन आणि ब्युटेन, दोन्हींत फक्त कार्बन आणि हायड्रोजन. जळताना हायड्रोजन हवेतल्या ऑक्सिजनशी जोडला जातो आणि त्याचं पाणी होतं. थंड भांड्यावर ते निवतं म्हणून आपल्याला दिसतं. त्याच ज्योतीत कार्बनही ऑक्सिजनशी जोडला जातो आणि त्याचा कार्बन डायऑक्साइड होतो. त्याला रंग नाही, वास नाही, तो भांड्यावर धरत नाही. तो खिडकीतून निघून जातो.

वजनाचा हिशेबही इथेच लक्षात येतो, आणि तो पहिल्यांदा ऐकला की पटत नाही. घरगुती सिलिंडरमध्ये १४.२ किलो गॅस असतो. तो संपेपर्यंत त्यातून सुमारे ४२ किलो कार्बन डायऑक्साइड तयार होतो. आत होतं त्याच्या तिप्पट बाहेर कसं पडलं? कारण कार्बनचा एक अणू १२ वजनाचा आणि त्याला चिकटणारे ऑक्सिजनचे दोन अणू मिळून ३२, बेरीज ४४. जास्तीचं वजन हवेतल्या ऑक्सिजनचं आहे. पेट्रोलचंही तेच. एक लिटर पेट्रोल पाऊण किलोच्या आसपास भरतं, पण जळून त्याचा २.३ किलो कार्बन डायऑक्साइड होतो. डिझेल लिटरमागे २.७ किलोच्या घरात. विजयनगर चौकात सिग्नलला उभ्या असलेल्या गाड्यांच्या टाकीत जे आहे, त्याच्या तिप्पट वजनाचा वायू या गाड्या शहराच्या हवेत सोडून जाणार आहेत. पंपावर पाच लिटर भरून घेताना साडेअकरा किलोचं ओझं हवेवर ठेवतोय, असं कुणाच्याच मनात येत नाही, कारण ते ओझं दिसत नाही.

आणि दिसत नाही, हाच आम्हा इंदूरकरांसाठी कळीचा मुद्दा आहे. २०१७ पासून सलग सात स्वच्छ सर्वेक्षणांत आमचं शहर पहिलं आलं. ओला कचरा वेगळा, सुका वेगळा, प्लास्टिक वेगळं, सॅनिटरी वेगळा. घराघरातल्या बायकांनी हे अंगवळणी पाडलं आणि त्याचा मला मनापासून अभिमान आहे. पण स्वच्छता आणि कार्बन या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. रस्ता लख्ख असला म्हणजे हवेत जुना कार्बन जात नाही असं नाही. एके काळी इथे धूर दिसायचा. हुकुमचंद मिल, मालवा मिल, राजकुमार मिल यांच्या चिमण्या शहराच्या मधोमध होत्या. गिरण्या बंद पडल्या, चिमण्या थंड झाल्या आणि धूर गेला. पण आमची विजेची भूक त्यानंतर वाढतच गेली, आणि ती भागवणारा कोळसा आता शहराच्या नजरेआड, दीडशे किलोमीटरच्या आसपास जळतो.

याचं माझ्या दृष्टीने सगळ्यांत बोलकं उदाहरण म्हणजे इंदूरचं पाणी. १९७० साली नर्मदेचं पाणी शहरात आणा म्हणून मोठं आंदोलन झालं आणि १९७८ मध्ये ते पाणी पोहोचलं. त्याआधीच्या उन्हाळ्यांच्या आठवणी ज्यांच्याकडे आहेत, त्यांना या पाण्याची किंमत सांगावी लागत नाही. पण नर्मदा आहे खाली निमाडात, मंडलेश्वरजवळ जलूदला, समुद्रसपाटीपासून दीडशे मीटरच्या आसपास. इंदूर आहे माळव्याच्या पठारावर, साडेपाचशे मीटरवर. मध्ये विंध्याचा घाट. पाणी आपल्या पायाने घाट चढत नाही, ते पंपाने टप्प्याटप्प्याने चढवावं लागतं. अंतर सत्तर किलोमीटरच्या आसपास.

हिशेब घरी बसून करता येतो. हजार लिटर पाणी म्हणजे एक टन. ते चारशे मीटर वर उचलायला, निव्वळ गुरुत्वाकर्षणाविरुद्ध, एका युनिटपेक्षा थोडी जास्त वीज लागते. हे पंप आदर्श असेल तर. प्रत्यक्षात मोटरीत आणि पंपात काही ऊर्जा वाया जाते, पाइपात घर्षण असतं, घाटमाथा शहरापेक्षा उंच असतो. दीड युनिट धरलं तरी ते हात राखूनच धरलेलं आहे. आपल्या देशाच्या ग्रिडमधल्या, म्हणजे विजेच्या सामायिक जाळ्यातल्या, एका युनिटमागे सरासरी ७०० ग्रॅमच्या आसपास कार्बन डायऑक्साइड तयार होतो, कारण जवळजवळ तीनचतुर्थांश वीज अजून कोळशावर होते. दीड युनिटाचा झाला साधारण एक किलो. म्हणजे गच्चीवरची हजार लिटरची टंकी नर्मदेच्या पाण्याने भरली, की एक किलो कार्बन डायऑक्साइड कुठे तरी हवेत गेलेला असतो, पाण्याला आपण हात लावण्याआधीच. त्यानंतर तळमजल्यावरच्या हौदातून ते गच्चीवर चढवायला आपली स्वतःची मोटर लागते ती वेगळीच. (तिचा खर्च त्या मानाने किरकोळ असतो. चारशे मीटरपुढे दहा मीटर काहीच नाहीत.) ओसंडून वाहणारी टंकी बघून आई "अगं, मोटर बंद कर, पाणी वाया चाललंय" म्हणून ओरडते, तेव्हा पाण्याबरोबर कोळसाही वाया जात असतो.

तो कोळसा कुठला, हे बोट ठेवून सांगता येत नाही, कारण वीज एका केंद्रातून सरळ आपल्या पंपात येत नाही, ती ग्रिडमध्ये मिसळते. पण आमच्या बाजूचं मोठं केंद्र म्हणजे खंडवा जिल्ह्यातलं श्री सिंगाजी औष्णिक विद्युत केंद्र, निमाडच्या संत सिंगाजींचं नाव दिलेलं. चार संच, एकूण क्षमता २,५२० मेगावॅट. ते पूर्ण क्षमतेने दिवसभर चाललं तर सहा कोटींहून अधिक युनिट वीज होते आणि त्यासाठी पस्तीस ते चाळीस हजार टन कोळसा लागतो. कोळशाच्या विजेचा युनिटमागचा हिशेब एक किलोच्या जवळ जातो, ७०० ग्रॅम ही सगळ्या प्रकारची वीज मिळून सरासरी आहे. त्यामुळे अशा एका दिवसात एकट्या या केंद्रातून पन्नास हजार टनांहून अधिक कार्बन डायऑक्साइड वर जातो. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

महापालिकेला पाणी उचलण्याच्या विजेचं बिल किती झोंबतं हे शहरात सगळ्यांना ठाऊक आहे. फेब्रुवारी २०२३ मध्ये तिने २४४ कोटी रुपयांचे हरित रोखे (पर्यावरणपूरक कामासाठीचे कर्जरोखे) काढले, सामान्य गुंतवणूकदारांसाठीही खुले. पैसा कशाला हवा होता? जलूदजवळच ६० मेगावॅटचा सौर प्रकल्प उभारायला, म्हणजे पंपांची दिवसाची वीज उन्हातून यावी. हेतू बिल कमी करण्याचा असो की हवेचा, मला दोन्ही सारखेच चालतात. जुना कार्बन जाळून जे काम व्हायचं ते त्याच्याशिवाय व्हायला लागणं, एवढंच इथे महत्त्वाचं.

जाळण्याशिवायही जुना कार्बन बाहेर येतो, आणि ही गोष्ट बऱ्याच सुशिक्षितांनाही माहीत नसते. त्यासाठी पानाच्या डब्यातला चुना घ्या. शाळेत चुन्याची निवळी केलेली आठवत असेल: चुना पाण्यात कालवायचा, झाकून रात्रभर ठेवायचा, वरचं स्वच्छ पाणी अलगद ओतून घ्यायचं. त्यात नळीने फुंकर घालत राहिलं की पाणी दुधासारखं पांढरं होतं. श्वासातला कार्बन डायऑक्साइड चुन्याशी जोडला गेला आणि कॅल्शियम कार्बोनेट तयार झालं. चुनखडीचा दगड म्हणजे हेच कॅल्शियम कार्बोनेट. दगडात कार्बन डायऑक्साइड कोंडलेला आहे, असं म्हटलं तरी चालेल.

आता उलटं करा. चुनखडी खूप तापवली की कोंडलेला वायू सुटतो आणि चुना उरतो. १०० किलो शुद्ध चुनखडीतून ५६ किलो चुना आणि ४४ किलो कार्बन डायऑक्साइड. सिमेंटच्या भट्टीत पहिली पायरी हीच असते. मध्य प्रदेशात सतना आणि नीमच ही सिमेंटची मोठी केंद्रं, आणि तिथली चुनखडी विंध्य खडकांतली, कोळशाहूनही कितीतरी जुनी. भट्टी कोळशावर तापवली तर त्याचा धूर वेगळा. पण भट्टी उद्या सौर विजेवर चालवली तरी दगडातला वायू सुटणारच, कारण तो इंधनातून नाही, कच्च्या मालातूनच येतो. सिमेंटच्या एकूण उत्सर्जनात अर्ध्याहून जास्त वाटा या दगडातल्या वायूचा आहे. सुपर कॉरिडॉरवर आणि बायपासवर ज्या इमारती उठतायत, त्यांच्या प्रत्येक गोणीमागे तो आहे. जुन्या वाड्यांच्या भिंती चुन्यात बांधलेल्या असत. तो चुना भिंतीत सुकताना हवेतला कार्बन डायऑक्साइड हळूहळू परत घेतो आणि पुन्हा दगड बनतो. सिमेंटचं काँक्रीटही काही भाग परत घेतं, पण फार सावकाश आणि सगळा नाही.

शेतीतही जुना कार्बन आहे. माळव्यातल्या गव्हाला युरिया लागतो. युरिया बनतो अमोनिया आणि कार्बन डायऑक्साइडपासून, आणि हे दोन्ही कारखान्यात नैसर्गिक वायूतून काढतात. गुणा जिल्ह्यातल्या विजयपूरचा खत कारखाना गॅसच्या पाइपलाइनवरच उभा आहे. शेतात युरिया पडला, जमिनीत विरघळला, की त्यात बांधलेला कार्बन वायू होऊन सुटतो. ट्रॅक्टर आणि पंपाचं डिझेल तर उघडच आहे.

नरवाईची, म्हणजे कापणीनंतर शेतात उरणाऱ्या गव्हाच्या धसकटांची, गोष्ट मात्र वेगळी आहे आणि ती नीट सांगायला हवी. एप्रिलमध्ये गहू निघाला की देवास-सांवेर-देपालपूरच्या बाजूला शेतात उरलेली नरवाई पेटवतात. संध्याकाळी सगळं क्षितिज धुरकट होतं, डोळे चुरचुरतात, दम्याच्या माणसाचे हाल होतात. हा धूर बघून वाटतं की हवेतला कार्बन वाढवणारा मोठा गुन्हेगार हाच. पण नरवाईतला कार्बन नवा आहे. त्या गव्हाने चार महिन्यांपूर्वी तो हवेतूनच घेतला होता आणि पुढचं पीक तो परत घेईल. म्हणून नरवाई जाळणं चांगलं असं मुळीच नाही. काजळीमुळे, मातीतले जीव मरण्यामुळे, मातीत मुरायला हवा असलेला कार्बन जळून जाण्यामुळे ते वाईटच आहे. पण ज्या गावाला आपण धुरासाठी दोष देतो, त्या गावापेक्षा चोवीस तास एसी चालवणाऱ्या आमच्या धूरविरहित बंगल्यांचा जुन्या कार्बनमधला वाटा जास्त असतो. दिसणं आणि असणं यातली ही तफावत मला सतत टोचते.

जंगलतोडीत नव्या कार्बनचाच हिशेब बिघडतो. साग, धावडा, मोह पन्नास-शंभर वर्षं कार्बन साठवत उभे असतात. जंगल कायमचं तोडून तिथे शेत, खाण किंवा वसाहत झाली तर तो सगळा साठा थोड्या वर्षांत हवेत जातो आणि परत घ्यायला तिथे कुणी उरत नाही. जगभरात जंगल तोडणं आणि जमिनीचा वापर बदलणं यातून वर्षाला साधारण ४०० कोटी टन कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. इंधन आणि सिमेंट मिळून सुमारे ३,७०० कोटी टन. या दोन आकड्यांतलं अंतर बघितलं की खरं ओझं कुठे आहे ते कळतं.

देवगुराडियाच्या बायो-सीएनजी प्रकल्पाकडे या नजरेने बघायला हवं. १९ फेब्रुवारी २०२२ ला त्याचं उद्घाटन झालं. दिवसाला ५५० टन ओला कचरा पचवण्याची त्याची क्षमता आहे. आपल्या घरातली भाजीची देठं, उरलेली आमटी, सराफ्याच्या खाऊगल्लीतलं उष्टं तिथे बंद टाक्यांत जिवाणू कुजवतात आणि मिथेन मिळतो. तो शुद्ध करून शहराच्या बसमध्ये भरला की तोही जळतो, त्यातूनही कार्बन डायऑक्साइडच निघतो. मग फरक काय? फरक हा की हा कार्बन भाजीतला आहे, नवा आहे, आणि जमिनीखालून आलेल्या सीएनजीची जागा घेतो आहे. शिवाय हाच कचरा उघड्या ढिगात कुजला असता तर मिथेन तसाच हवेत गेला असता, आणि उष्णता अडवण्यात मिथेन किलोमागे कार्बन डायऑक्साइडच्या कितीतरी पट तिखट आहे.

एखाद्याला वाटेल, जुना आणि नवा कार्बन हे सगळं कागदावर ठीक आहे, पण हवेत एकदा मिसळल्यावर कुणाचा कोणता ते कसं ओळखणार? ओळखता येतं, आणि हा भाग मला या सगळ्या विषयात सर्वांत सुंदर वाटतो. अवकाशातून येणाऱ्या किरणांमुळे वातावरणात थोडा किरणोत्सारी कार्बन-१४ सतत तयार होत असतो. झाडं तो इतर कार्बनबरोबर घेतात, आपण झाडांकडून घेतो. जीव मेला की त्यातला कार्बन-१४ कमी होऊ लागतो. ५,७३० वर्षांत निम्मा. कोळसा कोट्यवधी वर्षं पुरलेला, त्यात तो शून्य. त्यामुळे जुना कार्बन हवेत मिसळला की हवेतल्या कार्बन-१४ चं प्रमाण पातळ होतं. हान्स स्युस या शास्त्रज्ञाने १९५५ मध्ये झाडांच्या खोडातल्या वर्तुळांतून हे पातळ होणं दाखवून दिलं. मग ज्वालामुखीचं काय? त्यांचा कार्बनही जुनाच की! त्यासाठी दुसरी खूण आहे. वनस्पती कार्बन-१३ हा किंचित जड प्रकार थोडा कमी घेतात, म्हणून कोळसा आणि तेल यातही तो कमी असतो. हवेत त्याचं प्रमाण घसरतंय, ज्वालामुखींनी ते तसं घसरलं नसतं. तिसरी खूण ऑक्सिजनची. जाळायला ऑक्सिजन लागतो, आणि हवेतला ऑक्सिजन अगदी थोडा, पण मोजता येईल इतका, इंधन जळण्याच्या हिशेबाशी जुळेल असा कमी होत चालला आहे. ज्वालामुखी ऑक्सिजन खात नाहीत. त्यांचं वर्षाचं एकूण उत्सर्जन माणसाच्या दोन टक्क्यांहूनही कमी आहे.

साठा किती वाढला हे मोजण्याचं काम चार्ल्स कीलिंग यांनी १९५८ मध्ये हवाई बेटावरच्या मौना लोआ पर्वतावर सुरू केलं. तेव्हा हवेच्या दहा लाख रेणूंमध्ये ३१५ च्या आसपास रेणू कार्बन डायऑक्साइडचे होते. २०२४ मध्ये जगाची सरासरी ४२२ च्या वर गेली. कारखाने सुरू होण्यापूर्वी, अठराव्या शतकात, तो आकडा २८० होता. तो अंटार्क्टिकाच्या बर्फात अडकलेल्या हवेच्या बुडबुड्यांतून कळतो. त्याच बर्फातून गेल्या आठ लाख वर्षांचा लेखाजोखा मिळतो, आणि एवढ्या काळात तो ३०० च्या आसपासची मर्यादा ओलांडून फारसा कधी गेलाच नाही. दहा लाखांत चारशे म्हणजे क्षुल्लक वाटेल, पण ऑक्सिजन आणि नायट्रोजन जमिनीकडून येणारी उष्णता अडवतच नाहीत. ते काम या थोड्याशा वायूंकडेच आहे, हे जॉन टिंडल यांनी १८५९ पासूनच्या प्रयोगांत दाखवलं होतं.

माणूस जेवढा ओततो त्यातला निम्म्याहून थोडा कमीच हवेत राहतो. पाव हिस्सा समुद्र पितात आणि त्यापायी त्यांचं पाणी हळूहळू आम्लधर्मी होतंय. तीस टक्क्यांच्या आसपास जंगलं आणि माती घेतात. राहतो तो मात्र चिवट आहे. आज सोडलेल्या जास्तीच्या कार्बनपैकी मोठा हिस्सा शंभर वर्षांनीही हवेत असेल, काही हजार वर्षांनीही. म्हणून कुणी किती ओतलं हे मोजताना फक्त या वर्षाचं बघून भागत नाही. भारतातला माणूस वर्षाला सरासरी दोन टनांच्या आसपास, अमेरिकेतला चौदाच्या आसपास. आजवरच्या एकूण उत्सर्जनातला सुमारे चौथा हिस्सा एकट्या अमेरिकेचा आहे. हे सांगायलाच हवं, पण "आपलं काय, आपण तर गरीब" म्हणून एसीचं तापमान अठरावर ठेवायला ते कारण होऊ शकत नाही. भारताच्या सरासरीत बस्तरचा आदिवासी आणि आमच्या कॉलनीतला दोन गाड्यांचा बंगला एकत्र मोजलेले असतात.

राहिला झाडांचा प्रश्न. १४ जुलै २०२४ ला रेवती रेंजच्या टेकडीवर इंदूरकरांनी एका दिवसात ११ लाखांहून अधिक रोपं लावली, विक्रमाची नोंद झाली. उजाड टेकडीवर सावली येईल, पाणी मुरेल, पाखरं येतील, यासाठी ती रोपं जगायलाच हवीत. कार्बनचा हिशेब मात्र स्वच्छ मांडू. ११ लाखांतलं प्रत्येक रोप जगलं, भरभरून वाढलं आणि प्रत्येक झाडाने वर्षाला वीस किलो कार्बन डायऑक्साइड घेतला, तर वर्षाचे होतात २२ हजार टन. सिंगाजी केंद्र पूर्ण क्षमतेने चाललं तर एवढा वायू अर्ध्या दिवसात बाहेर पडतो. शिवाय झाड हे नव्या कार्बनच्या फेऱ्यातलं आहे: ते वाळलं, जळलं, कुजलं की घेतलेलं परत करतं. कोळशाचा थर काहीही न करता तोच कार्बन पंचवीस कोटी वर्षं धरून ठेवत होता.